पाइपलाइन रस्त्यापाशी अडलीय, परवानगी नक्की कोणाची?

सरपंच_वाडीवाली
नमस्कार मंडळी. टाकी रस्त्याच्या वरच्या अंगाला, आमची वाडी खालच्या. जलजीवन मिशनमधून विहीर झाली, टाकी झाली, अंगणात तोट्याही बसल्या. पाइप मात्र रस्त्याच्या अलीकडे येऊन थांबलाय, तोंडाला गोणपाट बांधून. आठ महिने झाले. पैसा निम्मा केंद्राचा, निम्मा राज्याचा, काम जिल्हा परिषदेचं, ठराव आमच्या ग्रामसभेचा, आणि अडलंय सात मीटर डांबरावर! एका कार्यालयाचं पत्र आलं, ‘सदर रस्ता या कार्यालयाच्या अखत्यारीत नाही’. दुसरं म्हणतं, रस्ता दर्जोन्नत झालाय पण कागद आमच्याकडे आलेले नाहीत. सासूबाई त्या तोटीला भाजीची पिशवी अडकवतात.

रानवाटा
आमदारांना सांगा ताई. एका फोनचं काम.

निवृत्त_शाखा_अभियंता
फोनने साहेब ‘हो’ म्हणतात, कागद तिथेच राहतो.

सरपंच ताई, आधी रस्त्याचा क्रमांक बघा. इजिमा (इतर जिल्हा मार्ग) आणि ग्रामा (ग्रामीण मार्ग) जिल्हा परिषदेकडे, प्रजिमा (प्रमुख जिल्हा मार्ग) आणि राज्यमार्ग सार्वजनिक बांधकामकडे. तुमचा इजिमाचा प्रजिमा झालेला दिसतो. तो शासन निर्णय अर्जाला जोडा.

आणि अर्ज तुम्ही करूच नका. योजना ज्यांच्याकडे आहे त्या पाणीपुरवठ्याच्या उपअभियंत्यांना करू द्या. सरपंचाच्या अर्जावर ‘उचित कार्यवाहीस्तव’ असा शेरा मारून तो पुढे ढकलता येतो. उपअभियंत्याने उपअभियंत्याला लिहिलं की उत्तर द्यावं लागतं.

मग गटविकास अधिकाऱ्यांना मध्ये घालून संयुक्त पाहणी लावा. दोन्ही खात्यांची माणसं एकाच वेळी त्या गोणपाटापाशी उभी करा. जागा कोणती, खोली किती, रस्ता पूर्ववत करायचे पैसे कोणाचे, हे तिथेच लिहून तिथेच सह्या. चहा सह्यांनंतर. (आधी पाजला की साहेबांना पुढची मीटिंग आठवते. अनुभव आहे.)

बहुतेक वेळा घोडं पैशांपाशी अडतं. रस्ता नवा असेल तर दोषदायित्व कालावधी, म्हणजे रस्ता बिघडला तर ठेकेदारानेच दुरुस्त करायची मुदत, चालू असणार. उद्या खड्डा पडला तर रस्त्याचा ठेकेदार तुमच्याकडे बोट दाखवेल. त्यापेक्षा डांबर न फोडता खालून ड्रिल मारून केसिंग पाइप (ज्याच्या आतून पाण्याचा पाइप जातो तो बाहेरचा पाइप) घाला. तुमच्या अंदाजपत्रकात रोड क्रॉसिंगची बाब आहे का?

सरपंच_वाडीवाली
काढून बघितलं. बाब आहे, पण लांबी तीन मीटर धरलीय. रुंदीकरणाच्या आधीचं अंदाजपत्रक!

निवृत्त_शाखा_अभियंता
सापडलं. म्हणजे परवानगी उद्या मिळाली तरी ठेकेदार हललाच नसता. सुधारित अंदाजपत्रक पाणीपुरवठ्याकडूनच मागा.

तालुका_कट्टा
तरीही नाही हललं तर खासदारांच्या अध्यक्षतेखालची ‘दिशा’ समिती आहे. केंद्राच्या योजनांचा आढावा तिथे होतो, जिल्हाधिकारी सदस्य सचिव. पण पाहणीच्या सह्या हातात असल्याशिवाय जाऊ नका, नाहीतर तिथूनही ‘अहवाल मागवतो’ एवढंच ऐकून परत याल.

सरपंच_वाडीवाली
गुरुवारी अकराला दोन्ही साहेब येतो म्हणालेत. मोजपट्टी घरूनच नेते.