पूर्व लंडनमध्ये नर्सची नोकरी: तिथली बोली समजायला काय घेऊ? (बजेट ५०० रुपये)

सिन्नरची_स्नेहा: नमस्कार मंडळी. पुढच्या महिन्यात पूर्व लंडनच्या एका हॉस्पिटलात वॉर्डवर रुजू होतेय. इंग्रजीची परीक्षा चांगल्या मार्कांनी पास आहे, पण आधी गेलेली मैत्रीण म्हणते, तिथल्या म्हाताऱ्या पेशंटांचं कॉकनी बोलणं डोक्यावरून जातं. पुस्तक, ॲप, काहीही सुचवा. ५०० च्या वर जाणार नाही, बाकीच्या तयारीतच कंबरडं मोडलंय.

परदेशी_पक्या: उच्चारांचा ऑनलाइन कोर्स कर. मी ३८ हजारांचा केला, शिकवणारी बाई खुद्द ब्रिटिश. आता मीटिंगमध्ये मला कुणी 'पार्डन' म्हणत नाही. एकदाच खर्च करायचा, पण चांगला करायचा.

डोंबिवली_स्लो: तिने ५०० लिहिलंय, दादा. पण स्नेहा, खिशातले कोश अजिबात घेऊ नकोस. माझ्याकडे दोन पडून आहेत, अर्धे शब्द आता कुणी वापरत नाही.

शब्दवेडा: आधी कॉकनीतल्या यमकाच्या शब्दांची रीत समजून घे. शब्दाशी यमक जुळणारी जोडी घेतात आणि पुष्कळदा यमकाचाच शब्द गाळतात. 'लुक'साठी 'बुचर्स हुक', पण बोलताना नुसतं 'हॅव अ बुचर्स'. 'मेट'साठी 'चायना प्लेट', म्हणून मित्राला 'ओल्ड चायना'. 'हेड'साठी 'लोफ ऑफ ब्रेड', म्हणून डोकं चालव म्हणायला 'यूज युअर लोफ'. जुळणारा शब्दच गायब, मग अर्थ लागणार कसा? जॉन कॅम्डेन हॉटनच्या १८५९ च्या कोशात लंडनच्या फेरीवाल्यांच्या या बोलीची यादी आहे. नेटवर फुकट मिळतो. तोच वाच.

डोंबिवली_स्लो: दीडशे वर्षांपूर्वीचा कोश वॉर्डवर काय कामाचा?

ईस्टहॅमची_वैशाली: स्नेहा, मी इथे केअर होममध्ये काम करते. तुला शरीराचे शब्द आधी लागतील. डोळे म्हणजे 'मिन्सेस', मूळ 'मिन्स पाइज', आइजशी यमक. दात 'हॅम्पस्टेड्स', हॅम्पस्टेड हीथवरून टीथ. पाय 'प्लेट्स', प्लेट्स ऑफ मीटवरून फीट. 'आयम अ बिट मटन' म्हणाले तर त्यांना कमी ऐकू येतं: मट अँड जेफ, डेफ. 'चॅलफॉन्ट्स' म्हणजे मूळव्याध. चॅलफॉन्ट सेंट जाइल्स हे गाव, पाइल्सशी जुळतं. आमचे एक आजोबा 'मी प्लेट्स आर किलिंग मी, लव्ह' म्हणाले, तर नव्या मुलीने त्यांच्यासमोरचं ताटच उचलून नेलं. आजोबा अर्धपोटी, पाय तसेच ठणकताहेत!
आणि यमकाचे शब्द एक वेळ विचारता येतात, साधे शब्द जास्त फसवतात. 'पूअर्ली' म्हणजे आजारी. 'स्पेंड अ पेनी' म्हणजे लघवीला जायचंय, 'वॉटरवर्क्स' म्हणजे लघवीची यंत्रणा. 'पँट्स' म्हणजे आतली चड्डी. 'पिस्ड' म्हणजे प्यालेला. रागावलेला हा अर्थ अमेरिकेतला. 'यू ऑल राइट?' हा नुसता नमस्कार आहे, तब्येत सांगत बसायचं नाही.

निवृत्त_तोपची: पोरी, तू सिन्नरची म्हणून सांगतो. वेड लागलेल्याला इंग्रज 'डूलॅली' म्हणतात, तो शब्द आपल्या देवळालीचा. मायदेशी निघालेले गोरे शिपाई तिथल्या छावणीत बोटीची वाट बघत महिनोन्‌महिने पडून राहायचे आणि डोकी फिरायची. मी तिथेच तोफखान्यात होतो. 'पक्का'चं 'पका', 'देखो'चं 'डेको', 'चिठ्ठी'चं 'चिट', 'विलायती'चं 'ब्लायटी', सगळं पलटणींबरोबर तिकडे गेलं. घाबरू नकोस.

परदेशी_पक्या: काका, धागा भरकटतोय. आणि अस्सल कॉकनी आता उरली कुठे? चीपसाइडच्या सेंट मेरी-ल-बो चर्चची घंटा ऐकू येईल तिथे जन्मलेला तो कॉकनी. ती कुटुंबं एसेक्सला गेली. आजची पोरं 'ब्रव' (भाऊ), 'वॅगवान' (काय चाललंय), 'एंड्स' (आपली वस्ती) असलं बोलतात.

ईस्टहॅमची_वैशाली: पोरांचं खरं आहे. पण पेशंट म्हणून म्हातारेच जास्त येतात. मी रोज ऐकते.

कांदेपोहे_७७: वैशालीताईंना अनुमोदन. 'बुचर्स' म्हणजे बघणे, हे लक्षात ठेव. ताई, तुमच्याकडे जागा आहेत का? भाचीसाठी विचारतेय.

शब्दवेडा: पैशांचे शब्द राहिले. 'पोनी' २५ पौंड, 'मंकी' ५०० पौंड. २००९ मध्ये पूर्व लंडनच्या काही एटीएमवर कॉकनीचा पर्याय दिला होता, त्यात पिनला 'हकलबेरी फिन'!

सिन्नरची_स्नेहा: सगळ्यांचे आभार. नाशिकला जुन्या पुस्तकांच्या दुकानात ब्रिटिश स्लँगचा खिशातला कोश १८० रुपयांत मिळाला, तो घेतला. डोंबिवलीदादा नको म्हणाले, तरी ॲप्रनच्या खिशात मावतो आणि वॉर्डवर मोबाइल काढता येणार नाही. वैशालीताईंचे शब्द मागच्या कोऱ्या पानावर उतरवलेत.

डोंबिवली_स्लो: कितव्या सालचा आहे ते तरी बघ.

परदेशी_पक्या: कोर्सची लिंक खासगी निरोपात पाठवलीय. आता सवलत आहे, २९ हजार.