एरंडावरचं तपकिरी फुलपाखरू

एरंडावर बसलेल्या तपकिरी फुलपाखराचा फोटो टाकून कोणीतरी इथे विचारलंय, हे कोणतं आणि झाडावर फवारणी करू का? फोटोतलं फुलपाखरू कॉमन कॅस्टरच आहे. एका उत्तरात त्याला अँगल्ड कॅस्टर, म्हणजे त्याच्यासारखंच दिसणारं दुसरं फुलपाखरू म्हटलंय, पण पंखांवरच्या नागमोडी रेघा नीट बघा. त्या जोडीजोडीने आहेत, म्हणजे हे कॉमन कॅस्टर. अँगल्डमध्ये रेघा सुट्या असतात.

परसातल्या एरंडावर दोन पावसाळे मी यांचा मुक्काम बघतोय. मादी पानावर एकेकटं अंडं घालते. ते भिंगाखाली जरूर बघा! इवल्याशा गोळीवर चक्क पांढरे केस उभे असतात. अळी हिरवट, अंगभर फांद्या फुटलेले काटे आणि डोक्यावर दोन काटेरी शिंगं. कोष म्हणजे हुबेहूब वाळकं पान. अंड्यापासून फुलपाखरापर्यंत साधारण महिनाभर.

फवारणी करू का, असं विचारलंय. कृपा करून करू नका. एरंडाच्या पानांची चाळण करते ती बहुतेकदा उंटअळी, म्हणजे एका पतंगाची अळी. ती गुळगुळीत असते, पाठीची कमान करून चालते. काटेरी दिसली तर राहू द्या.

हे फुलपाखरू भारत, श्रीलंका ते आग्नेय आशियापर्यंत आढळतं. मात्र एरंड किंवा खाजकोलती (अळीची दुसरी खाद्यवनस्पती) सोडून फारसं लांब जात नाही. झाड तोडलंत तर तेही जाईल.