मदत हवी आहे: शेळ्यांना जंताचं औषध आता नेमकं कधी पाजायचं?

राम राम मंडळी. तुळजापूर भागात आमच्या 22 उस्मानाबादी शेळ्या आहेत. मृगाआधी एकदा अन् दिवाळीनंतर एकदा जंताचं औषध, हे आमच्या वडिलांपासूनचं गणित. आता दिवाळी उलटली तरी पाऊस हटत नाही, वर अवकाळी. ओल आणि ऊब मिळाली की लेंडीतल्या अंड्यांच्या अळ्या आठवडाभरात गवतावर चढतात म्हणे.

यंदा डिसेंबरात चार शेळ्यांच्या जबड्याखाली सूज आली, पापण्या आतून पांढऱ्याफटक. रक्त पिणारे जंतच ना हे? अल्बेंडाझोल दोनदा पाजलं, फरक नाही. दरवर्षी तेच औषध, म्हणून जंत दाद देत नसतील का? दोन शेळ्या नुकत्याच गाभण आहेत, त्यांची जास्त धास्ती.

लेंडी तपासून औषध बदलणारं कुणी आहे का इथं? अन् दव वाळल्यावरच चरायला सोडून काही फायदा झालाय?