कथेतला विश्वविकार पटेल असा कसा करू? (रावेर पट्ट्यातली विज्ञानकथा)

रावेरकर_भो
नमस्कार मंडळी. दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहून राहिलो अन् मधेच अडकलो. कथेत 'उसवण' नावाचा विकार आहे, म्हणजे विश्वाची वीणच कुठंतरी सुटते आणि ते लोण रावेर-यावलच्या केळीबागांपर्यंत येतं. आत्तापर्यंत काय काय लिहिलंय तर हतनूर धरणाचं पाणी उलटं चढतं, गाडी जळगाव सोडायच्या आधीच भुसावळला लागते, मेलेला आजा ओट्यावर बसून बिडी ओढतो... बायकोनं वाचलं अन् म्हणे ही तर भुताटकी झाली, विज्ञान कुठाय यात? भौतिकशास्त्रात याच्या जवळपास जाणारं काही आहे का? आणि शेतकऱ्याला सगळ्यात आधी काय दिसेल? आकाश फाटलं वगैरे नको, ते सगळेच लिहितात.

यार्डातला_माणूस
हाव भो, आहे ना. फॉल्स व्हॅक्यूम वाच. आपण ज्याला रिकामी पोकळी म्हणतो ती कदाचित सगळ्यात खालच्या ऊर्जेची नाहीच. असं समज, पाणी वरच्या वाफ्यात बांधाच्या आधारानं थांबलंय, खाली अजून एक वाफा रिकामा आहे, घुशीनं कुठं बीळ पाडलं की सगळं खाली. ते बीळ म्हणजे क्वांटम टनेलिंग, ऊर्जेचा बांध न चढताच आरपार जाणं. सिडनी कोलमन या भौतिकशास्त्रज्ञानं १९७७ मध्ये याचं गणित मांडलं, १९८० मध्ये डी लुचियासोबत त्यात गुरुत्वाकर्षण घातलं. २०१२ मध्ये सर्न या युरोपातल्या प्रयोगशाळेत हिग्ज नावाचा कण सापडला, वस्तुमान १२५ जीईव्हीच्या (कणांचं वस्तुमान मोजायचं एकक) आसपास, ते आणि टॉप क्वार्क या जड मूलकणाचं वस्तुमान एकत्र धरून हिशेब केला तर आपली पोकळी काठावरच बसलेली दिसते. घाबरू नको, ती पडायला लागणारा वेळ विश्वाच्या १३८० कोटी वर्षांच्या वयापेक्षा कितीतरी पट जास्त निघतो.

पण तुझ्या कथेला याचा उपयोग शून्य. पोकळी एका जागी खाली पडली की तिथं नव्या पोकळीचा बुडबुडा होतो, तो जवळपास प्रकाशाच्या वेगानं पसरतो, पृथ्वी आरपार करायला सेकंदाचा विसावा भाग पण लागत नाही. तो येतोय हे कळायच्या आत आपण संपलेलो. एका ओळीत कथा खल्लास, संपादक मानधन कशाचं देईल?

चोपड्याच्या_बाई
वरच्या दादांचं बरोबर आहे, म्हणून बुडबुडा सोडा आणि विकार हळू करा. निसर्गाचे स्थिरांक, म्हणजे कधी न बदलणारे मानलेले आकडे, सरकायला लागले असं धरा. फक्त प्रकाशाचा वेग बदलू नका हो, अकरावीची मुलं पण हाच घोटाळा करतात! १९८३ पासून मीटरची व्याख्याच प्रकाशाच्या वेगावर आहे, त्यामुळे वेग बदलला तर पट्टी पण बदलली, मोजणार कशानं? ज्याला एककच नाही असा आकडा पाहिजे, जसा विद्युतचुंबकीय बलाचा जोर सांगणारा सूक्ष्मरचना स्थिरांक, साधारण १/१३७. आफ्रिकेत गॅबॉनमध्ये ओक्लो म्हणून युरेनियमची खाण आहे, तिथे सुमारे दोन अब्ज वर्षांपूर्वी जमिनीत आपोआप अणुभट्टी पेटली होती, १९७२ मध्ये उघडकीला आलं. तिथल्या राखेवरून दिसतं की तेव्हापासून हा आकडा जवळजवळ हललेला नाही. म्हणजे तुमची उसवण आत्ता सुरू झाली असंच दाखवावं लागेल.

आणि केळी तुमच्या हातात असताना ओट्यावर आजा कशाला? केळ्यात पोटॅशियम-४० असतं, किरणोत्सारी, अर्धायुष्य (निम्मे अणू फुटायला लागणारा वेळ) १२५ कोटी वर्षं. एका केळ्यात सेकंदाला पंधराएक अणू फुटतात. (आपल्या अंगात चार हजारांच्या घरात फुटतात, तेव्हा केळी खाणं थांबवू नका.) हे फुटणं दुर्बल बलामुळे होतं, निसर्गाच्या चार मूळ बलांपैकी ते एक. त्याचा जोर हाही एक स्थिरांकच, तो थोडा वाढवा, बाकी सगळं जसंच्या तसं ठेवा. झाडाला काही होणार नाही, पानं हिरवीच राहतील, ना करपा ना हरण्या रोग. पण बंदरावर किरणोत्सार तपासायची गेट असतात, नुसत्या केळ्यांनी पण ती कधीकधी वाजतात. तुमचा एक्स्पोर्टचा कंटेनर तिथं अडकला पाहिजे.

धुळ्याचा_बुवा
भाऊ तुनी गोट भारी शे, पन तो आजाले काढी टाक.
बाईंनी सांगितलं तेच, एकच नियम मोडायचा. आमच्या धुळ्याकडच्या ब्राह्मणवेलच्या पवनचक्क्या उलट्या फिरवायचा मोह होईल, फिरवू नको. हवं तर कथेतला म्हातारा मास्तर पाटणादेवीचा दाखव. चाळीसगावजवळ तिथं शिलालेख आहे, भास्कराचार्यांच्या ग्रंथांचा अभ्यास व्हावा म्हणून त्यांच्या नातवानं, चांगदेवानं मठ काढला त्याचा. (हा चांगदेव वेगळा, वाघावरचा नव्हे.) भास्कराचार्यांनी बीजगणितात शून्यानं भागलेल्या राशीला 'खहर' म्हटलंय, तिच्यात कितीही मिळवा नाहीतर वजा करा, ती बदलत नाही. तुझा स्थिरांक ढळतोय आणि म्हातारा न बदलणाऱ्या राशीवर अडून बसलाय, भांडण आयतंच तयार.

रावेरकर_भो
बाई, कंटेनर फायनल! आजा गेला, गाडी पण गेली. आता पॅकहाऊसचा प्रसंग लिहायचाय, कोणी तिथं काम केलंय का?

तांदलवाडी_पॅकहाऊस
आम्ही रोज तेच करतो भो. घड बागेतून डाग न लागू देता आणायचा, फण्या कापायच्या, तुरटीच्या पाण्यात टाकून चीक काढायचा, पुसून तेरा-साडेतेरा किलोचा बॉक्स. चीक कपड्यावर पडला तर काळा डाग जात नाही, हिरोचा शर्ट तसाच दाखवा. एका कंटेनरमध्ये वीसेक टन माल जातो, बाईंच्या हिशेबानं सेकंदाला वीस-बावीस लाख अणू फुटतात ना, मग दुप्पट झाले तरी माणसाला काही होत नाही पण गेट वाजेल, हे भारी आहे. मालक बिचारा म्हणेल औषध फवारलंय म्हणून अडवलं.
एक मात्र बघा, कंटेनर १३ डिग्रीवर ठेवावा लागतो. गेटवर चार दिवस अडकवणार असाल तर त्याला विजेचा प्लग दाखवा, नाहीतर आमच्याकडचा वाचक तिथंच म्हणेल माल पिकला, आता कसला स्थिरांक घेऊन बसलाय.