मदत हवी आहे: झिगाल्स्की शीट्समधून एकाऐवजी अनेक भोकं उजळतात

उद्यमनगर_कट: एनिग्मा म्हणजे दुसऱ्या महायुद्धातलं जर्मनांचं संदेश सांकेतिक करायचं यंत्र. त्याची किल्ली शोधायला पोलिश गणितज्ञ झिगाल्स्कीनं काढलेल्या भोकांच्या शीट्स लेझरवर कापून घेतल्यात. चार एकावर एक ठेवून खालून दिवा लावला तर एकाच भोकातून यायला हवा तो उजेड पंधरा-वीस भोकांतून येतोय. कोल्हापूरजवळच्या वळिवड्याच्या युद्धकाळातल्या पोलिश निर्वासित छावणीवरच्या प्रदर्शनात रविवारी मांडायचंय. लवकर सांगा, कापणं चुकलंय का?

गणित_कळंबा: शीट 26×26 ची की 51×51 ची? रोटरचा (यंत्रातल्या फिरत्या चाकांचा) क्रम? संदेश कुठून आणले?

रंकाळा_7: कोलोससचं, म्हणजे इंग्रजांच्या युद्धकाळातल्या कोडफोडी यंत्राचं मॉडेल करा, लोक थांबून बघतील.

गणित_कळंबा: कोलोसस लॉरेन्झ या दुसऱ्या जर्मन यंत्रासाठी होतं, एनिग्मासाठी नव्हे.

उद्यमनगर_कट: 51×51. क्रम आणि डाव्या रोटरची रिंग (अक्षरांचं सरकतं कडं) धरूनच चाललोय. संदेश ॲपवर केलेत, 1939 च्या पद्धतीनं, संदेशाची तीन अक्षरी किल्ली दोनदा लिहून.

शिरोली_नाका: प्लगबोर्डच्या (अक्षरांची अदलाबदल करणाऱ्या तारांच्या) जोड्या कमी करा आधी.

गणित_कळंबा: शीटला प्लगबोर्डनं काही फरक पडत नाही, तो किल्ली शोधणाऱ्या पोलिश बॉम्बा यंत्राला पडायचा. कापणं बरोबर आहे भावा, फिमेल (दोनदा लिहिलेल्या किल्लीत तीन घरांनी तेच अक्षर पुन्हा येणं) कमी पडतायत, प्रत्येक फिमेलला एक शीट. साधारण 40 टक्के जागांना भोक असतं. 676 पैकी चार शीट्सनंतर 17 उरतात, आठनंतर एकाहून कमी. दहा-बारा घ्या. आणि पहिलं-चौथं अक्षर जुळलं तर नेहमीसारखी ठेवा. दुसरं-पाचवं असेल तर जलद रोटरच्या दिशेनं एक घर जास्त सरकवा, तिसरं-सहावं असेल तर दोन. हे राहिलं की खरं भोकच झाकलं जातं.

जुना_राजवाडा: फलकावर हेही लिहा. जर्मन सायफर कार्यालयातल्या श्मिट या हेराची कागदपत्रं फ्रेंचांनीच पुरवली, पण 1932 अखेर एनिग्मा फुटल्याचं पोलंडनं त्यांना जुलै 1939 पर्यंत कळू दिलं नाही. डिसेंबर 1938 ला रोटर 3 चे 5 झाले, क्रम 6 चे 60. एका क्रमाला 26, म्हणजे 1560 शीट्स, प्रत्येकीत सुमारे हजार भोकं, ब्लेडनं कापायची! तयार होते दोनच क्रमांचे संच. मग 25-26 जुलै 1939 ला वॉर्साजवळच्या पिरीत इंग्रज-फ्रेंचांपुढं सगळं मांडलं.

शिरोली_नाका: म्हणजे घाबरून दिलं.

जुना_राजवाडा: युद्ध दारात होतं, आणि एकट्यानं कापणं शक्य नव्हतं. ब्लेचलीनं, म्हणजे इंग्रजांच्या कोडफोडी केंद्रानं, पूर्ण संच कापले; जानेवारी 1940 ला ते पॅरिसजवळ पोलिश गटाकडं पोचले आणि किल्ल्या निघू लागल्या. 1 मे 1940 ला जर्मनांनी किल्ली दोनदा पाठवणं थांबवलं, शीट्स निरुपयोगी झाल्या. एवढं करूनही 1943 मध्ये एनिग्मा फोडणारे रेयेव्स्की आणि झिगाल्स्की इंग्लंडात पोचल्यावर त्यांना ब्लेचलीत घेतलं नाही.

रंकाळा_7: महावीर गार्डनमधल्या पोलिश स्मारकाचा फोटोही लावा.

उद्यमनगर_कट: सरकवण्याचंच राहिलं होतं. बारा फिमेल काढतो. पांढरा पुठ्ठा चालेल ना?

गणित_कळंबा: काळा घ्या. पांढऱ्यातून उजेड झिरपतो.