वळिवड्याची पोलिश छावणी आणि परदेशातील पोलिश वस्त्या

कोपरखैरणेकर (प्रश्न)

सर्व जाणकारांना नमस्कार. माझी आजी कोल्हापूरजवळच्या वळिवड्याची. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, दहा-अकरा वर्षांची असताना, ती वडिलांबरोबर तिथल्या पोलिश छावणीत अंडी आणि भाजी विकायला जात असे. भाताचा कोंडा पसरलेल्या पाटीतून एकेक अंडे काढून गिऱ्हाइकाच्या हातात देताना ‘येदेन, द्वा, त्शी’ असे मोजायचे, हे ती शेवटपर्यंत विसरली नाही. कोपरखैरण्याच्या घरात फ्रिजमध्ये अंडी लावतानाही ती तशीच मोजत असे आणि आम्ही मुले ते कानडी समजत होतो.

ही माणसे इतक्या दूर कशी आली, पुढे कुठे गेली, आणि शिकागो किंवा फ्रान्समधल्या ज्या पोलिश वस्त्यांविषयी आपण वाचतो त्यांच्याशी यांचा काही संबंध लागतो का, हे मला समजून घ्यायचे आहे. कोल्हापूरच्या महाराजांनी पोलिश मुले दत्तक घेतली, असा एक संदेशही मध्यंतरी फिरत होता. तो खरा आहे का?

नौपाड्याचा वाचक

आपल्या प्रश्नातला वस्त्यांचा भाग आधी घेतो, कारण वळिवड्याच्या छावणीत जी शिस्त दिसते तिची मुळे तिथे आहेत. १७७२, १७९३ आणि १७९५ अशा तीन फाळण्यांत रशिया, प्रशिया व ऑस्ट्रिया यांनी पोलंड वाटून घेतला आणि १९१८ पर्यंत नकाशावर तो देशच नव्हता. १८३०-३१ चा उठाव मोडला गेल्यावर हजारो अधिकारी, लेखक आणि सरदार प्रामुख्याने फ्रान्समध्ये गेले. मित्स्किएविच या कवीचे मुख्य महाकाव्य पॅरिसमध्ये छापले गेले आणि १८३८ मध्ये तिथे उभे राहिलेले पोलिश ग्रंथालय आजही चालू आहे.

पुढच्या पिढ्यांत बाहेर पडला तो शेतकरी. या स्थलांतराला पोलिश भाषेत ‘झा ख्लेबेम’, म्हणजे भाकरीच्या मागे, असे म्हणतात. आपल्याकडे साताऱ्या-सांगलीची माणसे ‘पोटामागे मुंबईला आलो’ म्हणतात, त्याच्याशी हा शब्दप्रयोग इतका जुळतो की प्रथम वाचला तेव्हा मी थबकलो होतो. कारणेही ओळखीची आहेत: पिढीगणिक तुकडे होत गेलेली जमीन, कर्ज आणि उपासमार. प्रशियाच्या सायलीशिया प्रांतातल्या पोलिश कुटुंबांनी १८५४ मध्ये टेक्सासात पान्ना मारिया हे गाव वसवले. नंतरचे लोक शिकागोच्या कत्तलखान्यांत, पेनसिल्व्हेनियाच्या कोळसा खाणींत, जर्मनीच्या रूर खोऱ्यात आणि ब्राझीलच्या पाराना प्रांतात पोचले. पहिल्या महायुद्धानंतर उत्तर फ्रान्सच्या खाणींत त्यांची मोठी भरती झाली.

या वस्त्यांचा कणा म्हणजे चर्च, त्याला जोडलेली शाळा आणि परस्पर साहाय्य मंडळ. खाणीत किंवा कारखान्यात माणूस गेला तर अंत्यविधीचा खर्च कोण करणार, हा रोजचा प्रश्न होता, म्हणून कामगार दरमहा थोडी वर्गणी भरत आणि मंडळ मृताच्या घरी ठरलेली रक्कम देत असे. गिरणगावातल्या गावकीच्या खोल्या आणि ग्रामस्थ मंडळे ज्यांनी पाहिली आहेत त्यांना हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. १८८० मध्ये स्थापन झालेली पोलिश नॅशनल अलायन्स ही अशा मंडळांना एका छत्राखाली आणणारी संस्था होती. अमेरिकेतल्या कॅथलिक चर्चची सूत्रे मात्र आयरिश आणि जर्मन बिशपांकडे होती. चर्च आमच्या घामाच्या पैशाने बांधायचे, पण त्याची मालकी आणि पाद्र्याची निवड आमच्या हाती नाही, या रागातून १८९७ मध्ये स्क्रँटन शहरात फ्रान्चिशेक होदुर यांच्या नेतृत्वाखाली स्वतंत्र पोलिश नॅशनल कॅथलिक चर्चची चळवळ उभी राहिली. माझ्या मते या सगळ्या इतिहासातला सर्वांत बोलका प्रसंग हाच आहे.

मिरज ते ठाणे

वरील विवेचन उत्तम आहे, परंतु वळिवड्याचे लोक भाकरीच्या मागे आले नव्हते, आणि हा फरक पुसला जाऊ नये असे मला आग्रहाने वाटते. १९३९ मध्ये सोव्हिएत फौजांनी पूर्व पोलंड घेतला आणि १९४० पासून तिथली कुटुंबेच्या कुटुंबे गुरांच्या डब्यांत भरून सायबेरिया व कझाकस्तानात नेली. जुलै १९४१ मध्ये निर्वासित पोलिश सरकार आणि सोव्हिएत संघ यांच्यात झालेल्या सिकोर्स्की-मायस्की करारानंतर त्यांची सुटका झाली. सुटलेल्या पोलिश लोकांतून उभारलेल्या जनरल आंदर्स यांच्या सैन्याबरोबर १९४२ मध्ये एक लाखाहून अधिक लोक कास्पियन समुद्र ओलांडून इराणात उतरले. त्यांतल्या स्त्रिया, मुले आणि वृद्ध यांना पूर्व आफ्रिका, भारत, मेक्सिको अशा ठिकाणी पाठवण्यात आले. १९४४ मध्ये न्यूझीलंडला गेलेल्या ७३३ मुलांनी तर आपल्या मुंबई बंदरातच जहाज बदलले होते.

फिरणाऱ्या संदेशात दोन गोष्टींची सरमिसळ झाली आहे. मुलांना आपली म्हणणारे राजे म्हणजे नवानगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी, आणि त्यांची छावणी जामनगरजवळ बालाचडी येथे १९४२ मध्ये सुरू झाली. कोल्हापूरच्या राजाराम महाराजांचे १९४० मध्येच निधन झाले होते आणि त्या काळात गादीवरचे महाराज अगदी लहान होते. वळिवड्याची वसाहत १९४३ मध्ये कोल्हापूर संस्थानच्या हद्दीत उभी राहिली आणि तिचा खर्च लंडनमधले निर्वासित पोलिश सरकार करत होते. सुमारे पाच हजार वस्तीत चर्च, शाळा, दवाखाना, स्काउट पथके असे सारे काही होते. बहुतेक घरांत पुरुष नव्हते, कारण ते आघाडीवर होते. आपल्या आजीच्या पाटीपुढे उभ्या राहणाऱ्या बहुतेक बायकाच असणार, त्या यामुळे.

युद्ध संपले तेव्हा त्यांची गावे सोव्हिएत हद्दीत गेली होती, त्यामुळे परतणे अनेकांना शक्यच वाटले नाही. ब्रिटनने १९४७ मध्ये पोलिश पुनर्वसन कायदा केला आणि ज्यांचे नातलग ब्रिटिशांच्या बाजूने लढले होते अशी बरीच कुटुंबे तिकडे गेली. १९४८ पर्यंत वळिवडे रिकामे झाले.

कल्याण कॅम्प

रिकामे फार दिवस राहिले नाही, एवढे जोडतो. फाळणीनंतर सिंधमधून आलेली कुटुंबे त्याच बराकींत राहायला आली आणि आजचे गांधीनगर तिथूनच वाढले. आमचे उल्हासनगरही लष्करी छावणीच्या बराकींतच वसले. माझ्या शेजारच्या सिंधी आजोबांचे नातलग गांधीनगरला आहेत, आणि आपल्या बराकीत आधी गोरे लोक राहत होते ही गोष्ट त्यांच्या घरात सांगितली जाते. कोल्हापूरच्या ख्रिस्ती दफनभूमीत पोलिश कबरी आजही आहेत.

कोपरखैरणेकर

सर्वांचे मनापासून आभार. घरात पुरुष नव्हते, हे वाचून आजीचे एक जुने बोलणे नव्याने कळले. ‘त्या बायका टपालाची वाट बघत दारात उभ्या असायच्या, आधी पत्र आलं का बघायच्या आणि मग भाजी घ्यायच्या,’ असे ती सांगत असे. टपाल कुणाचे, हे विचारायचे आम्हाला कधी सुचले नाही. दिवाळीत गावी जाणार आहे, तेव्हा मामांना घेऊन त्या दफनभूमीत जाईन. आजीबरोबर छावणीत जाणाऱ्या तिच्या धाकट्या बहिणीला अजून बरेच आठवते. तिच्याकडून जे मिळेल ते इथे लिहीन.