मदत हवी आहे : द्रव्य बदलतं, गुण राहतात, हे ॲरिस्टॉटलशिवाय मांडता येईल का?

नमस्कार. कॅथलिक श्रद्धेनुसार मिस्सामध्ये, म्हणजे चर्चमधल्या मुख्य उपासनेत, भाकर आणि द्राक्षारस ख्रिस्ताचं शरीर व रक्त होतात. रंग, चव, वास मात्र तेच राहतात. यावर मराठीत टिपण लिहितो आहे आणि एका जागी अडलो आहे.

मध्ययुगीन कॅथलिक तत्त्वज्ञ थॉमस अक्वायनसच्या 'सुमा' या धर्मशास्त्रीय ग्रंथाचा तिसरा भाग, प्रश्न ७५ ते ७७, इंग्रजीतून वाचला. ॲरिस्टॉटलच्या परिभाषेत त्याचं म्हणणं असं, की द्रव्य बदलतं, गुण राहतात आणि ते आधाराशिवाय ईश्वरी सामर्थ्याने टिकतात. आपल्या वैशेषिक दर्शनकारांना हे मुळीच चाललं नसतं. त्यांच्याकडे गुण द्रव्याच्याच आश्रयाने राहतो. म्हणून 'द्रव्य' आणि 'गुण' हे शब्द वापरायला मन धजत नाही, पण दुसरे सुचतही नाहीत.

खरा पेच पुढे आहे. १५५१ मध्ये चर्चच्या ट्रेंट इथल्या परिषदेने हा सिद्धांत मांडताना 'ॲक्सिडेंट' (ॲरिस्टॉटलच्या परिभाषेतला 'गुण') नव्हे, तर 'स्पेसिज' म्हणजे दिसणारी रूपं, असा शब्द घेतला. त्यावरून वाटतं, की श्रद्धा एकाच तत्त्वज्ञानाला बांधलेली नाही. पण त्याआधी, १४१५ मध्ये, कॉन्स्टन्सच्या परिषदेने इंग्लिश धर्मशास्त्रज्ञ जॉन विक्लिफचं 'भाकरीचे गुण आधाराशिवाय राहत नाहीत' हे विधानच निषिद्ध ठरवलं होतं!

मला लॅटिन येत नाही. कॅथलिक बरोबर की प्रॉटेस्टंट, हा वाद इथे नको. चर्चच्या आतल्या भूमिकेतूनच सांगा : कॉन्स्टन्सचा निर्णय मान्य करूनही ट्रेंटचा सिद्धांत ॲरिस्टॉटलच्या चौकटीबाहेर मांडता येतो का? आणि 'स्पेसिज'साठी मराठीत कोणता शब्द वापरावा?